स्लो कुकरमधला चिकन रस्सा: शिकागोकडे नव्याने आलेल्यांसाठी

दर उन्हाळ्यात नेपरव्हिल, ऑरोरा, शॉमबर्ग या भागात नवी मराठी कुटुंबं येतात. गणपतीत ओळखी होतात, आणि दिवाळी उलटली की फोन सुरू होतात: "काकू, तुम्ही रोज रात्री जेवायला करता तरी काय हो?" नोव्हेंबरात घड्याळं तासभर मागे गेलेली असतात, डिसेंबरात साडेचारच्या आत सूर्य मावळतो, डाउनटाउनहून मेट्राची लोकल पकडून घरी पोहोचेपर्यंत सात वाजतात. त्या अंधारात कांदा चिरायला कोण बसणार? मग पिझ्झा मागवायचा आणि महिनाअखेरीला क्रेडिट कार्डाचं बिल बघून नवरा-बायकोनं एकमेकांकडे बघायचं.

इथे जुनी मंडळी दोन प्रकारची भेटतील. एक म्हणतील, "आमच्याकडे बाई रोज ताजं आणि साग्रसंगीत होतं." त्यांच्याकडे बहुतेक सासूबाई सहा महिन्यांसाठी आलेल्या असतात, त्यामुळे फार मनावर घेऊ नका. दुसरे म्हणतील, "कशाला त्रास? फ्रोझन आणा." दोघांच्या मधला रस्ता म्हणजे स्लो कुकर, विजेवर मंद आचेनं तासन्‌तास शिजवणारं भांडं. कामाच्या दिवशी सकाळी भरायचा, संध्याकाळी दार उघडलं की रस्सा तयार.

या यंत्राचा जन्म आपल्या शिकागोतलाच. आयर्विंग नॅक्सन यांना त्याचं पेटंट १९४० मध्ये मिळालं. कल्पना त्यांना आईच्या आठवणींतून सुचली. लिथुआनियातल्या ज्यू घरांत शब्बाथला, म्हणजे शनिवारच्या विश्रांतीच्या दिवशी, चूल पेटवायची नाही, म्हणून शुक्रवारी संध्याकाळी 'चोलंट' नावाच्या रश्श्याचं भांडं गावातल्या भट्टीत नेऊन ठेवायचे आणि ते रात्रभर मंद शिजायचं. पुढे रायव्हल कंपनीनं नॅक्सनचा धंदा विकत घेतला आणि १९७१ पासून तेच यंत्र क्रॉक-पॉट या नावानं खपायला लागलं. हे मुद्दाम सांगते, कारण हे भांडं विझत आलेल्या भट्टीचं काम करतं. ते शिजवतं, भाजत नाही. आपला रस्सा मात्र अर्धा भाजण्यात असतो. नवीन लोक कच्चा कांदा, कच्चं आलं-लसूण, तिखट, चिकन आणि दोन पेले पाणी एकदम ओततात, संध्याकाळी पिवळट पाण्यात तरंगणारं चिकन खातात आणि यंत्र तळघरात टाकून देतात. पुढच्या वर्षी तेच यंत्र गराज सेलला दिसतं.

तेव्हा भाजायचं काम रविवारी उरकून घ्या. आठवड्याचं वाटण एकदाच. चार मोठे पिवळे कांदे उभे चिरून तेलावर परता. इथले कांदे आकारानं दांडगे आणि पाणीदार असतात. ते लवकर मऊ पडतात, पण तांबूस व्हायला वेळ घेतात, आणि मऊ पडले की 'झाले' असं वाटतं. झालेले नसतात. आधी कडेला पिंगट रेघ येते, मग कांद्याचा ढीग आकसून पाव होतो, कढईचा तळ चिकट तपकिरी होतो, चमचाभर पाणी टाकून तो खरवडला की अख्ख्या कांद्याला रंग चढतो. तिथपर्यंत जा, मधे फोन घेऊ नका. मग वाटीभर सुकं खोबरं खरपूस भाजा, त्यातच थोडे धणे, चार लवंगा, आठ-दहा मिरी, दालचिनीचा तुकडा. आलं-लसूण शेवटी, कच्चा वास जाईपर्यंत. सगळं गार करून वाटा आणि बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवा. घट्ट झाल्या की वड्या काढून पिशवीत भरा. भारतातून आणलेला मिक्सर सरळ लावू नका. तो २३० व्होल्टचा, इथे भिंतीत १२० व्होल्ट. इथलाच घ्या.

हा भाजण्याचा कार्यक्रम सुरू करण्याआधी कोट आणि स्वेटर बेडरूमच्या कपाटात ठेवा आणि दार लावा. हे कुणी सांगत नाही. हिवाळ्याचा जाड कोट रोज धुता येत नाही, खोबऱ्याचा वास त्यात आठ दिवस राहतो आणि लिफ्टमध्ये सगळ्यांना कळतं की रविवारी तुमच्याकडे काय शिजलं. बऱ्याच अपार्टमेंटांत शेगडीवरचा पंखा हवा बाहेर फेकतच नाही, गाळून पुन्हा घरातच सोडतो. खिडकी उघडा, बाहेर शून्याखाली पंधरा असलं तरी दहा मिनिटं उघडा. स्मोक अलार्मला प्लास्टिकची पिशवी किंवा शॉवर कॅप बांधणारे हुशार लोक मी पुष्कळ पाहिलेत. तसलं काही करू नका. ते भाडेकरारात बसत नाही, आणि ही लाकडी घरं आहेत.

खरेदीतले दोन सापळे. अमेरिकन दुकानात बेकिंगच्या फळीवर मिळणारं खोबरं बहुधा साखर घातलेलं असतं. पाकिटावर 'अनस्वीटन्ड' असं लिहिलेलं बघून घ्या, नाहीतर शिकागोतल्या डेव्हन अव्हेन्यूवरच्या देशी दुकानांतून किंवा जवळच्या पटेलांच्या दुकानातून सुकं खोबरं आणा. दुसरं, इथली 'चिली पावडर' म्हणजे आपलं तिखट नव्हे. त्यात जिरं, ओरेगॅनो, लसूण सगळं मिसळलेलं असतं, कारण ती त्यांच्या राजम्यासारख्या 'चिली'साठी बनवलेली असते. कांदा-लसूण मसाला किंवा मालवणी मसाला गावाकडून आणला असेल तर सोन्याहून पिवळं.

आता चिकन. ब्रेस्टच आरोग्याला चांगलं म्हणणाऱ्यांना म्हणू द्या. सहा-सात तास शिजलेला ब्रेस्ट दोऱ्यासारखा कोरडा होतो, रश्श्यात बुडालेला असूनही. हाड असलेले थाय, म्हणजे मांडीचे तुकडे घ्या, पण कातडी काढा. मंद आचेवर ती रबरासारखी होते आणि वर चरबीचा थर येतो. हलाल दुकानात सांगितलं तर ते कातडी काढून आपल्यासारखे तुकडेही करून देतात. सुपरमार्केटच्या पाकिटावर बारीक अक्षरांत अमुक टक्के 'सोल्यूशन' लिहिलेलं असेल, तर चिकनमध्ये मिठाचं पाणी भरलेलं आहे. तिथे मीठ निम्मंच घाला, शेवटी चव बघून वाढवा.

मापं अशी. पाच-सहा क्वार्टचा कुकर. क्वार्ट म्हणजे लिटरपेक्षा जरा कमी. अडीच ते तीन पौंड चिकन, म्हणजे सव्वा किलोच्या आसपास. तळाला दोन बटाट्यांच्या मोठ्या फोडी, कारण या भांड्यात बटाटा मांसापेक्षा उशिरा शिजतो. त्यावर हळद-मीठ-तिखट लावलेलं चिकन. वाटणाच्या सात-आठ वड्या रात्रीच फ्रिजच्या खालच्या कप्प्यात काढून ठेवलेल्या असतील, त्या अर्ध्या कप गरम पाण्यात कालवून वर ओता. पाणी एवढंच! वाफ बाहेर जात नाही, चिकन स्वतःचं पाणी सोडतं, संध्याकाळी भांड्यात दुप्पट रस्सा दिसतो. भांडं निम्म्यापेक्षा जास्त आणि पाऊणपेक्षा कमी भरलेलं असावं. 'लो'वर सहा ते सात तास, 'हाय'वर तीन ते चार. दोन्ही शेवटी जवळपास सारख्याच तापमानाला पोहोचतात, फरक पोहोचण्याच्या वेगाचा. मधे झाकण उघडून वास घेतलात की वीस-तीस मिनिटं वाढली.

तुम्ही दहा तास घराबाहेर असाल तर आकडे दाबायचा, वेळ संपली की आपोआप 'वॉर्म'वर जाणारा कुकर घ्या. नुसत्या खटक्याचा स्वस्त पडतो, पण संध्याकाळी चिकनचा लगदा होतो. परत जाणाऱ्या कुणी जुना कुकर फुकट दिला तर आधी तपासा: अर्धा भरेल इतकं पाणी घालून आठ तास 'लो'वर ठेवा आणि थर्मामीटर घाला. १८५ फॅरनहाइटच्या खाली असेल तर तो कुकर कचऱ्यात.

घरी आल्यावर 'हाय' करा, नारळाचं दूध किंवा फेटलेलं दही घालायचं तर आत्ता घाला. सकाळी घातलं तर फुटतं. रस्सा पातळ वाटला तर दोन चमचे कॉर्नस्टार्च गार पाण्यात कालवून घाला आणि झाकण तिरकं ठेवा, पंधरा-वीस मिनिटांत आळतो. कोथिंबीर. भात तेवढ्यात होतोच.

गोठलेलं चिकन थेट टाकायचं नाही. कुणी कितीही सांगितलं तरी नाही. बर्फ वितळून चिकन गरम व्हायला या भांड्यात तासन्‌तास लागतात, आणि ४० ते १४० फॅरनहाइटच्या मधल्या पट्ट्यात जंतूंची चैन असते. फ्रिजच्या खालच्या कप्प्यात आदल्या दिवशीपासून ठेवा. तयार झालं की आतून १६५ भरलं पाहिजे, हाडाला न टेकता मोजायचं. तुम्ही बाहेर असताना वीज गेली होती असं मायक्रोवेव्हच्या लुकलुकत्या घड्याळावरून कळलं, तर ते चिकन फेका. दिसायला शिजलेलं असलं तरी फेका. आणि या यशाच्या भरात कच्चा राजमा कुकरमध्ये टाकाल तर थांबा: त्यातलं विष मंद आचेनं मरत नाही. भिजवून, ते पाणी फेकून, आधी गॅसवर अर्धा तास खळखळून उकळा.

आता सगळ्यात महाग पडणारी गोष्ट. स्लो कुकर शेगडीवर ठेवू नका. ओट्यावर जागा नसते, शेगडी मोकळी दिसते, म्हणून सगळे तिथेच ठेवतात. आमच्या ओळखीतल्या एका नव्या जोडप्यानं तेच केलं. विजेची शेगडी, काचेचा सपाट पृष्ठभाग, ज्योत दिसत नाही. सकाळी चहासाठी पुढच्या चुलीऐवजी मागचीचं बटण फिरलं. चहा का होत नाही हे बघेपर्यंत कुकरचे प्लास्टिकचे पाय काचेवर वितळले होते, आतलं भांडं तडकलं होतं आणि रस्सा शेगडीच्या फटीत गेला होता. घरमालकानं अख्ख्या शेगडीचे पैसे डिपॉझिटमधून कापले. कुकरच्या किमतीच्या कितीतरी पट. तेव्हा जेवणाच्या टेबलावर ठेवा, कपाटावर ठेवा, पण शेगडीवर नाही. रिकामा, बंद, 'दोन मिनिटांसाठी'सुद्धा नाही. आतलं मातीचं भांडं फोडणीसाठी चुलीवर चढवायचं नाही, आणि फ्रिजमधून काढून गरम कुकरमध्ये बसवायचं नाही. तडा जातो.

मसाल्यांची बॅग अजून उघडलेली नसेल तर पहिल्या आठवड्यात अमेरिकन पद्धतीनं करा. दोन पौंड ब्रेस्ट, चिकन ग्रेव्हीची दोन पाकिटं, क्रीम ऑफ चिकन सुपाचा एक डबा, कपभर पाणी. 'लो'वर चार तास, मग दोन काट्यांनी चिकन सोलून त्यातच मिसळा. मीठ मुळीच घालू नका, पाकिटात भरपूर असतं. ते लोक कुस्करलेल्या बटाट्यावर घेतात, भातावरही चालतं. भरपूर मिरी आणि लसूण घातला तर मुलं आवडीनं खातात, मोठ्यांना लोणचं लागतं.

उरलेला रस्सा दोन तासांच्या आत उथळ डब्यांत काढून फ्रिजमध्ये ठेवा. जाड भांडं तसंच आत सरकवलं तर मध्यरात्रीपर्यंत कोमटच राहतं. दुसऱ्या दिवशी ऑफिसच्या मायक्रोवेव्हमध्ये खुशाल गरम करा, फक्त झाकून. कुणी नाक मुरडलं तर मुरडू दे, मासे गरम करणारे त्यांच्यातही असतात. आणि हाडं सिंकखालच्या डिस्पोजलमध्ये, म्हणजे खरकटं दळणाऱ्या यंत्रात घालू नका, चरबीचं पाणीही ओतू नका. दुरुस्तीवाल्याला बोलवावं लागतं आणि तो सोमवारशिवाय येत नाही.