मॅच चालू असताना सहकाऱ्यांशी कसे बोलावे

ऐरोली, कोपरखैरणे, कळवा, घोडबंदर रोड अशा वेगवेगळ्या ठिकाणी राहायला गेलेले शाळेतले मित्र आता मैदानावर क्वचितच एकत्र येतात. नोकरी, क्लास आणि ट्रान्स-हार्बर लोकलचा प्रवास आटोपला की रात्री जेवणानंतर ते बीजीएमआय, व्हॅलोरंट किंवा काउंटर-स्ट्राइक या ऑनलाइन नेमबाजीच्या खेळांच्या लॉबीत (मॅचपूर्वी जमण्याच्या जागेत) भेटतात, आणि त्यांच्यापैकी प्रत्येकाचा नेम चांगला असूनही टीम म्हणून ते हरत राहतात. अशा टीमची एखादी मॅच शेजारी बसून ऐकली तर कारण लवकर कळते. तिघे एकाच वेळी बोलत असतात, चौथा 'अरे इकडे, इकडे बघ' असे ओरडत असतो, आणि 'इकडे' म्हणजे नेमके कुठे हे त्याच्याशिवाय कोणालाच ठाऊक नसते. पुढील सर्व सूचनांमागे एकच कसोटी आहे: आपण जे बोलणार आहोत त्यावरून ऐकणाऱ्याला पुढच्या दोन-तीन सेकंदांत काय करायचे हे ठरवता येईल का? येत असेल तर ते ताबडतोब बोलावे, आणि येत नसेल तर ते लॉबीत परतल्यावर बोलावे.

आवाज नीट पोहोचला पाहिजे

माइकची मांडणी खेळ सुरू करण्यापूर्वी करावी. बिनतारी इअरबड्स वापरणाऱ्यांना एक अडचण हमखास येते. माइक चालू होताच बहुतेक ब्लूटूथ हेडसेट संगीतासाठीचा दर्जेदार मोड सोडून फोनवरील संभाषणाचा मोड धरतात, त्यामुळे खेळाचा आवाज एकदम दबका होतो आणि पावलांची दिशा ओळखता येत नाही. शिवाय आवाज थोडा उशिरा पोहोचतो तो वेगळाच. यावर सर्वांत स्वस्त आणि खात्रीचा उपाय म्हणजे माइक असलेला साधा वायरचा इअरफोन. संगणकाला ऐकण्यासाठी आणि बोलण्यासाठी दोन स्वतंत्र छिद्रे असतील, तर मोबाइलच्या इअरफोनसाठी एक छोटा स्प्लिटर लागतो. तो नसला तर ऐकू येते, पण आपला आवाज जात नाही, आणि मित्र उगाच आपल्यावर चिडतात.

आपल्याकडच्या फ्लॅटमध्ये खेळायची खोली आणि स्वयंपाकघर यांच्यात फार तर एक भिंत असते. कुकरची शिट्टी, टीव्हीवरची मालिका, खालच्या रस्त्यावरचा हॉर्न, गणपतीच्या दिवसांत सोसायटीच्या मंडपातली आरती, हे सगळे उघड्या माइकमधून चार जणांच्या कानात जाते. म्हणून संगणकावर बटण दाबून बोलण्याची पद्धत वापरावी. व्हॅलोरंटमध्ये टीमशी बोलण्यासाठी मूळ मांडणीत 'व्ही' हे बटण असते. बटण दाबून बोलण्याचा आणखी एक फायदा आहे, आणि माझ्या मते तोच मोठा आहे: दाबण्यापूर्वी क्षणभर विचार होतो आणि निरर्थक उद्गार आपोआप गळतात. डिस्कॉर्डवर बोलत असाल तर पार्श्वभूमीचा गोंगाट कमी करण्याची सोय चालू करावी आणि प्रत्येक मित्राच्या नावावर जाऊन त्याचा आवाज स्वतंत्रपणे कमी-जास्त करून घ्यावा. एकाचा आवाज कर्कश आणि दुसऱ्याचा पुटपुटता असेल, तर ऐकणारा नकळत पहिल्याचेच ऐकत राहतो.

जागा, संख्या, अवस्था

प्रतिस्पर्धी दिसल्यावर तीन गोष्टी याच क्रमाने सांगाव्यात: तो कुठे आहे, ते किती आहेत, आणि त्यांची अवस्था काय आहे. 'मार्केट, दोन जण, एकाला 120 लागलेत' एवढे वाक्य पुरेसे आहे (मार्केट हे नकाशावरील जागेचे नाव, आणि 120 ही त्याला झालेली इजा). जागा आधी सांगण्याचे कारण असे की वाक्य मध्येच तुटले, म्हणजे बोलणारा बाद झाला किंवा नेट अडखळले, तरी सर्वांत उपयुक्त भाग पोहोचलेला असतो. याउलट 'अरे यार, मला मारलं त्याने, कसला खेळतोय तो' या वाक्यात तीन सेकंद जातात आणि त्यातून काहीच कळत नाही.

अवस्था आकड्यात सांगता आली तर जरूर सांगावी. व्हॅलोरंटमध्ये भारी ढाल घेतलेल्या खेळाडूला बाद करण्यासाठी एकूण 150 इतकी इजा व्हावी लागते, आणि व्हँडल बंदुकीची छातीवर लागलेली एक गोळी 40 ची इजा करते. मित्राने '120 लागलेत' असे सांगितले, तर आता एकच गोळी पुरे आहे हे ऐकणाऱ्याला कळते आणि तो डोक्याचा नेम साधत बसण्याऐवजी सरळ पुढे जातो. 'जवळजवळ मेलाय' हा शब्दप्रयोग मात्र टाळावा, कारण प्रत्येकाचे 'जवळजवळ' वेगळे असते आणि त्या भरवशावर पुढे गेलेला मित्र पूर्ण ताकदीच्या प्रतिस्पर्ध्यासमोर उघडा पडतो.

याहून महत्त्वाची आणि सर्रास दुर्लक्षिली जाणारी बाब म्हणजे पाहिलेले, ऐकलेले आणि वाटलेले यांतला फरक. व्हॅलोरंट आणि काउंटर-स्ट्राइकमध्ये बॉम्ब बसवण्याच्या जागांना ए, बी अशी नावे असतात आणि नकाशाच्या मधल्या भागाला मिड म्हणतात. 'बी वर तीन दिसले' ही माहिती आहे, 'बी कडून पावलं ऐकू आली' ही त्याहून कच्ची माहिती आहे, आणि 'ते बी वर येतील असं वाटतंय' हा अंदाज आहे. तिन्ही सांगण्याजोगे असतात, परंतु तिन्ही एकाच खात्रीच्या सुरात 'बी, बी, बी' म्हणून सांगितले, तर एका पावलाच्या आवाजावरून पाचही जण ए सोडून धावत सुटतात. तसेच माहिती शिळी होते. आठ-दहा सेकंदांपूर्वी पाहिलेला खेळाडू आता तेथे असेलच असे नाही, म्हणून 'मघाशी मिडला होता' असे काळासह सांगावे.

जागांची नावे सर्वांना सारखी ठाऊक असली तरच हे साधते. व्हॅलोरंटच्या सेटिंगमध्ये मिनिमॅपवर जागांची नावे दाखवण्याची सोय आहे. नवशिक्या मित्राला ती पहिल्याच दिवशी चालू करून द्यावी. आपल्या गटाने एखाद्या कोपऱ्याला स्वतःचे नाव दिले तरी चालते, फक्त ते पाचही जणांना माहीत असावे.

डावे-उजवे आणि होकायंत्र

बीजीएमआयसारख्या विस्तीर्ण नकाशावर प्रश्न निराळा असतो. एरांगेल हा नकाशा 8 किलोमीटर लांब आणि तितकाच रुंद आहे, आणि पोचिंकीसारखी नामांकित गावे सोडली तर बहुतेक ठिकाणी नाव नसलेले एखादे झाड, दगड किंवा उतारच असतो. येथे 'डावीकडे' हा शब्द जवळपास निरुपयोगी ठरतो, कारण माझी डावी बाजू मी कुठे तोंड करून उभा आहे यावर ठरते आणि ते माझ्या मित्राला दिसत नसते. स्क्रीनच्या वरच्या पट्टीवरील होकायंत्र मात्र सर्वांसाठी एकच असते: पूर्व 90, दक्षिण 180, पश्चिम 270. म्हणून '210 ला, दगडामागे, एक' असे सांगावे.

तरीही अंशांचा हा आकडा डोळे मिटून वापरू नये. दोन मित्र एकमेकांपासून 50 मीटरवर असतील आणि प्रतिस्पर्धी 100 मीटरवर असेल, तर दोघांच्या होकायंत्रावरील दिशेत 25 अंशांहून अधिक फरक पडू शकतो, आणि मित्र भलत्याच झाडाकडे बंदूक रोखून बसतो. तोच प्रतिस्पर्धी 400 मीटरवर असेल तर हा फरक सात अंशांच्या आसपास येतो आणि चालून जातो. सारांश असा की स्क्वाड, म्हणजे आपली टीम, एकत्र असेल किंवा लक्ष्य दूर असेल तेव्हा अंश सांगावेत, आणि स्क्वाड पांगलेला असून प्रतिस्पर्धी जवळ असेल तेव्हा नकाशावर किंवा समोरच्या दृश्यावर खूण करावी.

खुणेची ही सोय ज्यांना बोलता येत नाही किंवा बोलायचे नाही, त्यांच्यासाठीही फार मोलाची आहे. 2019 मध्ये आलेल्या एपेक्स लेजंड्सने एका बटणावर जागा, वस्तू आणि धोका दाखवणारी खुणांची पद्धत इतकी चांगली बसवली की एकही शब्द न बोलता अनोळखी तिघे नीट खेळू शकत. घरात बाळ झोपले असेल, ऐकण्या-बोलण्यात अडचण असेल किंवा लोकलमध्ये उभे राहून खेळत असताना आवाज तुटत असेल, तर माइक बंद ठेवून केवळ खुणा आणि तयार संदेश वापरावेत. अशा सहकाऱ्याला 'बोल ना, बोल ना' म्हणून टोचू नये.

लूट मागतानाही हाच नेमकेपणा हवा. 'गोळ्या आहेत का?' असे विचारल्यास कोणीच उत्तर देत नाही. एम416 ला 5.56 च्या आणि एकेएमला 7.62 च्या गोळ्या लागतात, तेव्हा '5.56 च्या 60 दे' असे म्हटले की काम होते.

बाद झाल्यावर

सर्वाधिक बोलणे बाद झालेल्यांकडून होते, आणि सर्वाधिक नुकसानही तेथेच होते. बाद होताच मारणारा कुठे होता, एकटा होता की नाही आणि त्याला किती लागले आहे, एवढे एका वाक्यात सांगावे व थांबावे. टीममधला शेवटचा खेळाडू एकटा उरला असेल, तर ही शांतता सक्तीची समजावी. व्हॅलोरंटमध्ये स्पाइक (म्हणजे बॉम्ब) बसवल्यापासून 45 सेकंदांत फुटतो आणि तो निकामी करायला 7 सेकंद लागतात. या अवधीत त्या एकट्या खेळाडूला पावले ऐकायची असतात, वेळेचा हिशेब ठेवायचा असतो आणि जागा बदलायची असते. मागून चार जण 'आता जा', 'थांब', 'उडी मार' असे सांगू लागले, तर त्याला पावलेच ऐकू येत नाहीत. त्याला ठाऊक नसलेली एखादी बाब आपल्याला खरोखर दिसली असेल, तेवढीच हळू आवाजात सांगावी. काउंटर-स्ट्राइकमध्ये बॉम्ब निकामी करायला 10 सेकंद आणि किट असल्यास 5 सेकंद लागतात, म्हणून 'किट माझ्यापाशी पडलंय' हे सांगणे रास्त आहे. 'अरे, घाबरू नको' हे त्या क्षणी नको.

निर्णय कोणी घ्यायचा

गल्ली क्रिकेटमध्ये धाव घ्यायची की नाही हे ज्याला चेंडू दिसतो त्या फलंदाजाने ओरडून सांगायचे असते, आणि दुसऱ्याने त्या क्षणी वाद घालायचा नसतो. येथेही तसेच आहे. मॅच सुरू होण्यापूर्वी एकाकडे निर्णय सोपवावा. तो सर्वांत चांगला नेमबाज असण्याची गरज नाही. शांत डोक्याचा आणि नकाशा ठाऊक असलेला हवा. त्याने आज्ञा छोटी द्यावी, 'सगळे बी ला, मिडमधून' एवढीच, आणि कारण नंतर सांगावे. इतरांना ती पटली नाही तरी त्या फेरीपुरती पाळावी, कारण पाच जणांनी मिळून अमलात आणलेली मध्यम योजना दोघांनीच पाळलेल्या उत्तम योजनेपेक्षा चांगली ठरते. मतभेद मांडण्यासाठी दोन फेऱ्यांमधला खरेदीचा वेळ असतो. व्हॅलोरंटमध्ये तो साधारण 30 सेकंदांचा असतो आणि एका सूचनेला पुरतो.

ती सूचना करतानाही पुढच्या फेरीविषयी बोलावे. 'तुझ्यामुळे गेलं' याऐवजी 'पुढच्या वेळी मी येईपर्यंत थांब, आपण दोघं एकदम निघू' असे म्हटले, तर मित्राला काय करायचे हे कळते. वर्षानुवर्षांची मैत्री एका रँकसाठी पणाला लावणारी माणसे पाहिली की मनापासून वाईट वाटते, आणि म्हणून मी हे आग्रहाने लिहीत आहे. कोणाचा तोल जाऊ लागला आहे हे आवाजावरून कळत असते. तेव्हा 'ही झाली की पाच मिनिटं थांबू या' असे एकाने म्हणावे आणि खरोखर थांबावे.

अनोळखी सहकाऱ्यांसोबत

तीन मित्र आणि दोन अनोळखी अशी टीम जमली, की मित्र डिस्कॉर्डवर आपापसांत बोलतात आणि उरलेल्या दोघांना काहीच कळत नाही. हे अन्यायाचे तर आहेच, शिवाय आपल्याच पायावर धोंडा पाडून घेण्यासारखे आहे. खेळाशी संबंधित सर्व बोलणे टीमच्या वाहिनीवर आणावे. मुंबईच्या सर्व्हरवर देशभरातले खेळाडू भेटतात, त्यामुळे सुरुवातीलाच कोणत्या भाषेत बोलायचे ते विचारून घ्यावे. आपसांत मराठी बोलत असलो तरी जागा आणि संख्या हिंदीत किंवा खेळातल्या रूढ शब्दांत सांगितल्या की सर्वांना समजतात.

मुलीचा आवाज ऐकू येताच खेळ सोडून भलतेच प्रश्न विचारणारे पुष्कळ आहेत, आणि अनेक मुली केवळ त्यामुळे माइक बंद ठेवून खेळतात. तिला इतर कोणाही खेळाडूप्रमाणे जागा, संख्या, अवस्था सांगावी. दुसरा कोणी त्रास देत असेल तर 'खेळावर बोल' असे स्पष्ट सांगावे, त्याला म्यूट करावे आणि मॅच संपताच तक्रार नोंदवावी. घरातल्या लहान मुलांना मात्र एक नियम आधीच समजावून द्यावा: खरे नाव, शाळा, सोसायटी आणि मोबाइल नंबर अनोळखी सहकाऱ्याला कधीही सांगायचा नाही, तो कितीही चांगला खेळत असला आणि कितीही गोड बोलत असला तरी.

निघायचे असेल, आईने हाक मारली असेल किंवा पावसात वीज जाण्याची चिन्हे असतील, तर ते पुढची मॅच लावण्यापूर्वी सांगावे. राउटर इन्व्हर्टरवर असेल तर निदान मोबाइलवर खेळणाऱ्याला मॅच पूर्ण करता येते.

या सवयी अंगी बाणवण्यासाठी दोन गोष्टी करून पाहाव्यात. एखाद्या संध्याकाळी कस्टम मॅच उघडून सर्वांनी मिळून नकाशावर नुसते फिरावे, आणि एकाने कोपऱ्यात उभे राहावे व इतरांनी ती जागा नावाने सांगावी. दुसरे म्हणजे सर्वांच्या संमतीने एका मॅचचे आवाजासह रेकॉर्डिंग करावे आणि त्यातली हरलेली एकच फेरी शनिवारी एकत्र बसून ऐकावी. प्रत्येकाने फक्त स्वतःची वाक्ये तपासावीत आणि त्यांतली कोणती वगळता आली असती ते स्वतःच सांगावे.