मोरोक्कन फिश सूप: फोडी फुटू नयेत म्हणून

सुरमईची फोड उकळत्या रश्श्यात पडली की पापुद्रे सुटायचे आणि सूप गढूळ व्हायचं. इलाज शरमूल्यात सापडला. मोरोक्कोत मासा आधी या वाटणात मुरवतात: कोथिंबीर, पार्सली, लसूण, जिरेपूड, पॅप्रिका, लिंबू, ऑलिव्ह तेल. इथे बडोद्यात पार्सली मिळाली तर ठीक, नाहीतर मी कोथिंबीरच वाढवते. पॅप्रिकाऐवजी काश्मिरी तिखट. अर्धा किलो जाड फोडींना हे वाटण आणि मीठ चोळून अर्धा तास फ्रिजमध्ये. मिठाने फोड घट्ट होते.

रस्सा मात्र आधीच पुरा करायचा. कांदा, टोमॅटो, चिमूटभर दालचिनी तेल सुटेपर्यंत परतून चार वाट्या पाणी आणि बटाटा. बटाटा शिजला की गॅस अगदी बारीक, मग मासा, वर झाकण, सहा-सात मिनिटं. डाव अजिबात घालायचा नाही, पातेलंच धरून हलकं फिरवायचं. फोड आतपर्यंत पांढरी झाली की बंद.

तिकडे खारवलेलं लिंबू घालतात. सासूबाईंच्या बरणीतलं खारातलं लिंबू झकास चालतं. गर काढून नुसती साल बारीक चिरायची, मीठ त्यानंतरच चाखायचं. नारळ मात्र नको, सासरे कितीही म्हणोत.