अमेरिकेत बातम्यांचा संपादक व्हायचंय? रात्रपाळीपासून सुरुवात करा

वर्तमानपत्रात जायचं म्हटलं की सगळ्यांना बातमीदारच व्हायचं असतं. नाव छापून येतं, लोक ओळखतात. डेस्कवर बसून दुसऱ्याची कॉपी (म्हणजे लिहून आलेली बातमी) दुरुस्त करायला फारसं कोणी उत्सुक नसतं, त्यामुळे कामसू माणसाला तिथे जागा लवकर मिळते. मी ओहायोतल्या एका छोट्या दैनिकात रात्रपाळीची कॉपी एडिटर म्हणून लागले, पुढे शहर डेस्कवर गेले आणि नंतर बरीच वर्षं ऑनलाइन आवृत्ती सांभाळली. त्या अनुभवावरून सांगते.

आधी उतरंड समजून घ्या. सगळ्यात वर पब्लिशर, धंदा त्याचा. न्यूजरूम एक्झिक्युटिव्ह एडिटरच्या ताब्यात, आणि रोजचा गाडा मॅनेजिंग एडिटर हाकतो. त्याच्या हाताखाली शहर, क्रीडा, व्यापार, फोटो असे डेस्क. अग्रलेखाचं खातं वेगळं असतं. तिथली माणसं बातम्यांना हात लावत नाहीत, आणि निवडणुकीत कोणाला पाठिंबा द्यायचा हे बातम्यांचा संपादक ठरवत नाही. अग्रलेख लिहायची हौस असेल तर वाट दुसरी.

पत्रकारितेला इथे परवाना लागत नाही, राज्यघटनेची पहिली दुरुस्तीच तशी आहे. पदवीसुद्धा कायद्याने लागत नाही, पण नोकरी देणारा ती बघतो. मिझुरी विद्यापीठातली पत्रकारितेची शाळा १९०८ पासून चालू आहे. तिथे विद्यार्थी ‘कोलंबिया मिझुरियन’ हे खऱ्या शहराचं खरं वर्तमानपत्र चालवतात आणि व्यावसायिक संपादक त्यांच्या मानगुटीवर बसलेले असतात. तिथे प्रवेश मिळाला तर उत्तमच. नाही मिळाला तर ज्या कॉलेजात असाल तिथल्या विद्यार्थी-दैनिकात पहिल्याच आठवड्यात जा आणि ‘डेस्कवर काम द्या’ म्हणा. डाऊ जोन्स न्यूज फंड संपादनाची परीक्षा घेऊन उन्हाळी इंटर्नशिप देतो, तिथे अर्ज टाका.

बाहेरून शिकायला येणाऱ्यांनी एक हिशेब आधीच मांडावा. एफ-१ व्हिसावर पदवीनंतर कामाची मुभा साधारणपणे १२ महिन्यांची. ती वाढवून मिळते विज्ञान-तंत्रज्ञानाच्या अभ्यासक्रमांना, आणि नेहमीची पत्रकारितेची पदवी त्यात बसत नाही. ‘आय’ व्हिसा परदेशी माध्यमांच्या प्रतिनिधींसाठी असतो, अमेरिकन पेपरात नोकरी करायला तो चालत नाही. छोट्या पेपरांना व्हिसाची कागदपत्रं करायची सवय नसते. मुलाखतीतच विचारा, लाजू नका.

आता प्रत्यक्ष काम. जुन्या न्यूजरूममध्ये कॉपी डेस्क घोड्याच्या नालासारखा असायचा. बाहेरच्या कडेला बसणारे ते ‘रिम’, आत मधोमध बसून कॉपी वाटणारा आणि शेवटची नजर टाकणारा तो ‘स्लॉट’. नालाचं टेबल गेलं, शब्द राहिले. नवा माणूस रिमवर बसतो. एपीचं, म्हणजे असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेचं, लेखननियमांचं स्टाइलबुक पहिल्या महिन्यात इतकं वाचा की नऊपर्यंतचे आकडे अक्षरी, दहापासून पुढे अंकी हे हाताने आपोआप व्हावं. अपवाद भरपूर आहेत. वय नेहमी अंकी. पण स्टाइल म्हणजे संपादन असं समजणारी माणसं डेस्कवर ढिगाने असतात. स्वल्पविराम अचूक, आणि नगरपालिकेचा आकडा साफ चुकलेला! तसं होऊ नका.

कॉपी तीनदा वाचा. पहिल्यांदा कीबोर्डवरून हात काढून. दुसऱ्यांदा प्रत्येक नाव, तारीख, आकडा, आरोप यांवर बोट ठेवून. तिसऱ्यांदा ओठ हलवत, ज्याला यातलं काहीच माहीत नाही अशा वाचकासारखी.

दुसऱ्या वाचनाचा नमुना देते. समजा कॉपीत आलं, ‘मंगळवारी, १४ तारखेला पोलिसांनी दुकानात चोरी केल्याबद्दल ३४ वर्षांच्या इसमाला अटक केली.’ १४ तारखेला मंगळवारच होता का, कॅलेंडर उघडा. जन्मतारखेवरून वय ३४ येतं का ते बघा, वाढदिवस पुढच्या महिन्यात असेल तर ३३. ‘चोरी केल्याबद्दल’ म्हटलं की चोरी त्यानेच केली हे आपणच ठरवून टाकलं. ‘चोरीच्या आरोपावरून’ हवं. पण आरोप दाखल झाला आहे का? अटक आणि आरोप या दोन पायऱ्या आहेत, कोर्टाची नोंद बघितल्याशिवाय दुसरी लिहू नका. नाव छापणार असाल तर मधलं आद्याक्षर आणि राहण्याचा भागही घ्या, त्याच नावाचा दुसरा सज्जन माणूस गावात असतोच.

आकड्यांचं म्हणाल तर टक्केवारी स्वतः काढा. खर्च ४० लाख डॉलरवरून ५० लाखांवर गेला तर वाढ २५ टक्के, बातमीत बहुतेक वेळा २० टक्के येते. ओहायोत शाळांच्या कराला मतदान होतं, आणि तो कर ‘मिल’मध्ये मोजतात. एक मिल म्हणजे हजार डॉलरला एक डॉलर. म्हणून २ मिलचा नवा कर लागला तर एक लाखाच्या घरावर वर्षाला २०० डॉलर पडतील, असं नवा बातमीदार लिहून मोकळा होतो. पण तिथे कर बाजारभावाच्या ३५ टक्क्यांवर बसतो. ३५ हजारांवर २ मिल म्हणजे ७० डॉलर. लोक हा आकडा वाचून मतदानाला जातात. २०० छापून आलं आणि प्रस्ताव पडला, तर दुसऱ्या दिवशी पान दोनवर खुलासा टाकून काय उपयोग? ज्या राज्यात काम करणार तिथली करपद्धत आणि सरकारी कागदपत्रं मागायचा कायदा बसून शिका. केंद्राचा माहितीचा कायदा १९६६ चा आहे, पण नगरपालिकेला तो लागू नाही. तिथे राज्याचा कायदा चालतो, आणि तो प्रत्येक राज्याचा वेगळा.

अब्रुनुकसानीचं थोडक्यात. १९६४ च्या ‘न्यूयॉर्क टाइम्स विरुद्ध सलिव्हन’ निकालामुळे सार्वजनिक पदावरच्या माणसाला दावा जिंकायचा तर पेपरला खोटं माहीत होतं किंवा त्याने खऱ्या-खोट्याची मुळीच पर्वा केली नाही, हे सिद्ध करावं लागतं. सामान्य नागरिकाला इतकं सिद्ध करावं लागत नाही. १९७४ च्या ‘गर्ट्झ’ निकालानंतर बऱ्याच राज्यांत निष्काळजीपणा दाखवला तरी पुरतो. नवे संपादक नेमकं उलटं करतात. महापौराबद्दलचं वाक्य चार वकिलांना दाखवतात आणि कोपऱ्यावरच्या दुकानदाराबद्दलचं तसंच सोडतात. दुकानदाराला जपा.

मथळा शिकायचा तर छापील आवृत्तीवर शिका, ऑनलाइनवर शिस्त लागत नाही. आम्ही अक्षरं मोजायचो. इंग्रजी लहान लिपीतलं साधं अक्षर एक, ‘एम’ आणि ‘डब्ल्यू’ दीड, ‘आय’, ‘एल’, ‘टी’, ‘एफ’, ‘जे’ अर्धं. एका कॉलमच्या मथळ्यात एका ओळीला जेमतेम आठ-नऊ बसायचे, म्हणजे दोन शब्द मिळाले तर नशीब. आता संगणक सांगतो बसतंय की नाही, पण ती घुसमट अनुभवल्याशिवाय क्रियापदाची किंमत कळत नाही. आणि माहीत नाही ते मथळ्यात लिहू नका. १९४८ साली जुळाऱ्यांच्या संपामुळे शिकागो ट्रिब्यूनला अंक नेहमीपेक्षा लवकर छपाईला सोडावा लागला, आणि अध्यक्षपदाच्या निवडणुकीत ड्युईने ट्रुमनला हरवलं असा मथळा गेला. विजयी ट्रुमन तोच अंक हातात धरून हसतानाचा फोटो सगळ्यांनी पाहिलाय. आज निवडणुकीच्या रात्री बहुतेक पेपर एपीने निकाल जाहीर करेपर्यंत थांबतात. तुम्हीही थांबा, मोजणी चालू आहे, हासुद्धा मथळा होतो.

ऑनलाइन मथळा एकटाच फिरतो. शेजारी फोटो नाही, पान नाही, कधी पेपरचं नावही दिसत नाही. म्हणून गावाचं आणि माणसाचं नाव सुरुवातीला, साधारण ६० अक्षरांत मुद्दा, कारण पुढचं गुगल कापतो. शब्दांचे खेळ छापील पानासाठी राखून ठेवा. मोबाइलवरची सूचना तर एकच वाक्य असते, आणि ती परत घेता येत नाही.

वेगाचा प्रश्न इथे येतो, आणि तो समजायला सॅगोची रात्र अभ्यासा. २ जानेवारी २००६ ला वेस्ट व्हर्जिनियातल्या सॅगो कोळसा खाणीत स्फोट होऊन १३ कामगार अडकले. दुसऱ्या दिवशी मध्यरात्रीच्या सुमारास बातमी पसरली की १२ जण जिवंत सापडले. नातेवाईक जवळच्या चर्चमध्ये थांबले होते, तिथे जल्लोष झाला, घंटा वाजल्या. देशभरच्या पेपरांची छपाईची वेळ झाली होती. त्यांनी १२ वाचले म्हणून छापलं. साधारण तीन तासांनी कळलं की वाचला फक्त एक, बारा गेले. खाणीतून निघालेला निरोप एकाकडून दुसऱ्याकडे जाताना उलटा झाला होता. वेबसाइटवाल्यांना मथळा बदलता आला. छापलेले गठ्ठे ट्रकमध्ये चढले होते.

त्या रात्री नातेवाईक खरंच आनंदात होते, बातमीदारांनी डोळ्यांनी पाहिलं ते खोटं नव्हतं. कमी पडली ती डेस्कवरची चौकशी: ‘तुला हे कोणी सांगितलं, आणि त्याला कसं कळलं?’ हा प्रश्न रोज विचारायची सवय लावून घ्या, मोठी बातमी फुटेल त्या दिवशी तो आपोआप तोंडात येतो. उत्तर ‘चर्चमधल्या लोकांकडून’ असेल तर मथळ्यातच ‘नातेवाइकांनी सांगितलं’ हवं, आणि खालच्या वाक्यात ‘अधिकृत दुजोरा मिळालेला नाही’. ८ जानेवारी २०११ ला ॲरिझोनातल्या टुसॉनमध्ये खासदार गॅब्रिएल गिफर्ड्स यांच्यावर गोळीबार झाला, तेव्हा एनपीआर या सार्वजनिक रेडिओने त्या गेल्याचं सांगितलं आणि इतर मोठ्या माध्यमांनी तेच उचललं. त्या जिवंत होत्या. तीन वाहिन्या एकमेकींचं ऐकून एकच गोष्ट सांगत असतील तर तो एकच स्रोत धरा.

ऑनलाइन चूक गुपचूप पुसायची नाही. बातमीच्या खाली काय चुकलं होतं, केव्हा दुरुस्त केलं, हे साध्या वाक्यात लिहायचं. आणखी एक काम छापील पेपरला कधी नव्हतं. किरकोळ अटकेची जुनी चौकट गुगलवर कायम राहते आणि खटला रद्द झालेला माणूस नोकरीला मुकतो. क्लीव्हलँडच्या क्लीव्हलँड डॉट कॉमने २०१८ पासून, बोस्टन ग्लोबने २०२१ पासून अशा जुन्या बातमीतून नाव काढा म्हणणाऱ्या लोकांच्या विनंत्यांचा विचार करायला सुरुवात केली. तुमच्याकडे असा नियम नसेल तर मांडा: कोर्टाचा कागद घ्या, तीन-चार जणांनी मिळून ठरवा, निर्णयाची नोंद ठेवा. एकट्याने फोनवर दया येऊन काही काढू नका.

वाचकसंख्येच्या पडद्याबद्दल एवढंच: सकाळच्या बैठकीत बातम्यांची यादी ठरून जाऊ दे, मग चार्टबीट (कोणती बातमी आत्ता किती जण वाचताहेत ते दाखवणारं साधन) उघडा. चांगली बातमी कोणी वाचत नसेल तर आधी मथळा बदलून बघा.

आता कटू भाग. प्यू रिसर्च या संशोधन संस्थेच्या मोजणीनुसार वर्तमानपत्रांच्या न्यूजरूममध्ये २००८ ला सुमारे ७१ हजार माणसं होती, २०२० ला ३१ हजार. न्यूयॉर्क टाइम्सने २०१७ मध्ये स्वतंत्र कॉपी डेस्कच बंद केला, कर्मचारी निषेधाला रस्त्यावर उतरले, तरी झाला. तेव्हा ‘कॉपी एडिटर’ नावाची जाहिरात शोधत बसू नका. ऑडियन्स एडिटर, डिजिटल प्रोड्युसर, न्यूजलेटर एडिटर यांत तेच काम लपलेलं असतं. ना-नफा संस्थांकडेही बघा: ऑस्टिनची टेक्सस ट्रिब्यून २००९ पासून आहे, सॉल्ट लेक ट्रिब्यून २०१९ ला ना-नफा झालं. न्यूजगिल्ड या पत्रकारांच्या कामगार संघटनेचा करार आहे का ते विचारा, आणि असेल तर नोकरकपातीचं कलम आधी वाचा.

नोकरीआधी संपादन-चाचणी देतील. कॉपीत मुद्दाम पेरलेल्या चुका असतात: एकाच माणसाच्या नावाची दोन स्पेलिंग्ज, बेरीज न जुळणारे आकडे. त्या दुरुस्त कराच, पण जे तुम्हाला कळू शकत नाही तिथे स्वतःच्या मनाने बदल करू नका. समासात बातमीदाराला प्रश्न लिहा. मी उमेदवार निवडताना आधी ते प्रश्न वाचायचे, दुरुस्त्या नंतर.

पहिल्या आठवड्यातच रात्री साडेदहाला बातमीदाराला फोन करायची वेळ येईल. तो घरी असेल, चिडेल. कॉपी कधी सोडायची ते आधी सांगा, प्रश्न एका दमात विचारा, आणि बदललेलं वाक्य शब्दशः वाचून दाखवा. वर नाव त्याचं आहे. त्याला बदल पटला नाही आणि तुम्हाला जुनं वाक्य पटत नसेल तर फोन चालू ठेवून स्लॉटला बोलवा.