गाइड सोबत घेऊन एका दिवसात मुंबईची कला कशी पाहावी

सांगलीहून मामा-मामी आले होते, तेव्हा मी त्यांच्यासाठी मुंबई दाखवणारी एक दिवसाची खासगी सहल ठरवली होती. गाडी, चालक आणि गाइड सगळे एकाच ठिकाणाहून मिळाले आणि हाती आलेल्या यादीत अकरा ठिकाणे होती, म्हणून पैसे वसूल होतील असे वाटले. रात्री जेवताना मामांना विचारले, तर महालक्ष्मीच्या पुलावरून दिसलेला धोबीघाट आणि पेडर रोडची वाहतूक एवढेच त्यांना आठवत होते. वस्तुसंग्रहालयात आम्हाला जेमतेम पस्तीस मिनिटे मिळाली होती. मामींनी शाळेत असताना चित्रकलेच्या एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या दोन्ही परीक्षा दिल्या होत्या. त्यांना लघुचित्रांपुढे थांबायचे होते आणि गाइड दारातून हाका मारत होता.

पुढच्या वर्षी दिवाळीनंतर ते पुन्हा आले, तेव्हा सगळे नव्याने आखले आणि ठिकाणे मोजकीच ठेवली. त्या दिवसावरून, आणि त्यानंतर पाहुण्यांसाठी व मित्रांसाठी ठरवलेल्या अनेक दिवसांवरून जे उमगले ते येथे लिहीत आहे. खासगी गाइडसाठी आपण जास्तीचे पैसे मोजतो ते हव्या त्या वस्तूपुढे हवा तेवढा वेळ उभे राहण्याच्या मोकळिकीसाठी. यादी लांबली की ती मोकळीक आपणच घालवून बसतो.

म्हणून पहिले काम म्हणजे दिवसाला एक धागा ठरवणे. कुणाला इमारतींची आवड असते, कुणाला चित्र-शिल्पांची, कुणाला गिरगावातल्या चाळी, खोताची वाडी आणि तिथली जुनी घरे पाहायची असतात. हे सगळे एकाच दिवसात कोंबू नये. घारापुरीची लेणी तर मुळीच जोडू नयेत, कारण गेटवेहून लाँचने जाऊन, पायऱ्या चढून, लेणी पाहून परत येण्यातच दिवसाचा मोठा भाग संपतो. त्यांच्यासाठी वेगळा दिवस काढावा. या लेखापुरता मी चित्र-शिल्पांचा धागा धरला आहे: सकाळी ओव्हल मैदान, मग काळा घोडा हा फोर्टाजवळचा संग्रहालये-गॅलऱ्यांचा परिसर, दुपारनंतर भायखळा आणि रात्री दादरला मराठी नाटक.

वार निवडताना काळजी घ्यावी लागते. राष्ट्रीय आधुनिक कला दालन सोमवारी बंद असते, घारापुरीही सोमवारी बंद असते, आणि भायखळ्याचे डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालय बुधवारी बंद असते. रविवारी फोर्टातले रस्ते मोकळे मिळतात आणि इमारती निवांत पाहता येतात, पण कुलाबा-फोर्टातल्या बहुतेक खासगी गॅलऱ्या त्या दिवशी उघडत नाहीत. माझ्या मते शनिवार सर्वांत सोयीचा, कारण त्या दिवशी संग्रहालये, गॅलऱ्या आणि नाटके हे तिन्ही जुळून येते. तरीही निघण्याच्या आदल्या दिवशी प्रत्येक ठिकाणी फोन करून खात्री करून घ्यावी. जुन्या वास्तूंमध्ये दुरुस्तीसाठी एखादे दालन किंवा सबंध इमारत काही काळ बंद ठेवली जाते. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हे महिने चालण्यासाठी उत्तम. जानेवारीअखेर-फेब्रुवारीच्या सुमारास काळा घोडा कला महोत्सव असतो. तो जरूर पाहावा, पण गाइडसोबतचा शांत दिवस त्या गर्दीत ठेवू नये.

गाइडची निवड हा सगळ्यांत महत्त्वाचा भाग आहे आणि बहुतेक लोक त्याच बाबतीत घाई करतात. केंद्रीय पर्यटन मंत्रालयाचा परवाना आणि ओळखपत्र आहे का, हे विचारावे. त्यात संकोच बाळगू नये. मात्र परवाना असला म्हणजे चित्रांची जाण असेलच असे नाही. वास्तू आणि इतिहास उत्तम सांगणारा माणूस आधुनिक चित्रापुढे गप्प होतो, असे मी पाहिले आहे. त्यामुळे पैसे ठरवण्याआधी गाइडशी स्वतः दहा मिनिटे फोनवर बोलावे, मधल्या एजंटाशी बोलून भागवू नये. मी एक प्रश्न नेहमी विचारतो: जहांगीर आर्ट गॅलरीत आपल्याला एक तास मिळाला तर तुम्ही काय दाखवाल? तिथली प्रदर्शने साधारण आठवड्या-आठवड्याने बदलतात, म्हणून ‘त्या आठवड्यात काय लागले आहे ते पाहून कळवतो’ असे उत्तर देणारा माणूस खरोखर तिथे जाणारा असतो. दुसरा प्रश्न भाषेचा. घरात वडीलधारी माणसे असतील तर गाइड मराठीतच बोलणारा हवा, हे आधीच स्पष्ट सांगावे. इंग्रजीत ऐकलेली माहिती आपण मामांना मराठीत सांगत बसलो की आपलेही पाहणे राहून जाते.

आपल्याबद्दलही गाइडला मोकळेपणाने सांगावे. कुणाचे गुडघे दुखतात, कुणाला मधुमेह असल्यामुळे वेळेवर खावे लागते, मुले किती वर्षांची आहेत, आधी काय पाहून झाले आहे, हे कळले की चांगला गाइड स्वतःच क्रम बदलतो.

पैशांचे बोलणे लेखी असावे. व्हॉट्सअ‍ॅपवरचा एक संदेशही पुरतो. गाइडची फी माणशी आहे की दिवसाची, तिकिटे आणि कॅमेऱ्याचे शुल्क त्यात धरले आहे का, गाडीचे पार्किंग कोण देणार, गाइडच्या जेवणाचे काय, पाऊस किंवा बंदमुळे दिवस रद्द झाला तर आगाऊ रक्कम परत मिळणार का, एवढे त्यात यावे. मुंबईत गाडी बहुधा ‘आठ तास, ऐंशी किलोमीटर’ या हिशोबाने मिळते. आपल्या मार्गात किलोमीटर फारसे होतच नाहीत. तास मात्र भराभर संपतात, आणि काळ्या घोड्याच्या परिसरात गाडी निव्वळ उभी राहते. म्हणून मी आता दिवसभराची गाडी घेत नाही. सकाळचा सगळा भाग पायी होतो आणि भायखळ्याला जायला काळी-पिवळी टॅक्सी पुरते. सोबत चालू न शकणारी व्यक्ती असेल तरच गाडी ठेवावी.

सकाळी आठला ओव्हल मैदानापासून सुरुवात करावी. मैदानाच्या पूर्वेला मुंबई विद्यापीठ, राजाबाई टॉवर आणि उच्च न्यायालय यांची गॉथिक रांग आहे, तर पश्चिमेला १९३०च्या दशकात उभ्या राहिलेल्या आर्ट डेको इमारती आहेत. या दोन रांगा आणि मरीन ड्राइव्हपर्यंतच्या इमारती मिळून २०१८ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आल्या. पश्चिमेकडची जमीन बॅकबे या समुद्रभागात भराव घालून नंतर मिळालेली आहे; त्याआधी गॉथिक इमारतींचे तोंड थेट समुद्राकडे होते, ही गोष्ट मैदानाच्या मधोमध उभे राहूनच नीट कळते. सकाळचे ऊन पश्चिमेच्या आर्ट डेको दर्शनी भागांवर पडते, त्यामुळे बाल्कन्यांच्या गोलाया आणि जाळ्यांची नक्षी याच वेळी पाहावी. राजाबाई टॉवर संध्याकाळच्या उन्हात खुलतो, पण सकाळीही त्यावरचे पुतळे गाइडकडून दाखवून घ्यावेत: पश्चिम भारतातल्या निरनिराळ्या जातीजमातींची माणसे तिथे दगडात कोरलेली आहेत. प्रेमचंद रायचंद यांनी दिलेल्या देणगीतून, त्यांच्या आईच्या नावाने, १८७८ मध्ये हा टॉवर पूर्ण झाला.

छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय सव्वादहाला उघडते. दार उघडताच आत जावे, कारण अकरानंतर शाळांच्या सहली येऊ लागतात. येथे किमान दोन तास द्यावेत, आणि तिन्ही मजले पाहण्याचा हट्ट धरू नये. इमारतीपासूनच आरंभ करावा. पायाभरणी १९०५ मध्ये झाली, बांधकाम १९१४ मध्ये पुरे झाले, पण पहिल्या महायुद्धात तिथे लष्करी रुग्णालय होते आणि लोकांसाठी दारे उघडली ती १९२२ मध्ये. वास्तुविशारद जॉर्ज विटेट. गेटवे ऑफ इंडियाही त्यांचाच. घुमटासाठी त्यांनी विजापूरच्या गोलघुमटाचा अभ्यास केला होता.

त्या घुमटाखाली आमच्या गाइड ताईंनी आम्हाला थांबवले आणि मान वर करायला सांगितले. दगडी इमारतीच्या आत, वरच्या मजल्याच्या कडेने, कोरीव लाकडी खांब, कमानी आणि कठडे फिरलेले दिसतात. ते अठराव्या शतकातल्या एका मराठी वाड्याचे आहेत. तो वाडा गेला आणि त्याचे लाकूडकाम विटेट यांनी येथे बसवले. मामी बराच वेळ वर पाहत राहिल्या आणि म्हणाल्या, “आमच्या आजोळच्या चौकाला असेच खांब होते गं.” आधीच्या वर्षी आम्ही याच जागेवरून, याच लाकडाखालून, मान वर न करता गेलो होतो. चांगल्या गाइडचे काम काय, हे मला त्या क्षणी समजले.

आत गेल्यावर दोन-तीन वस्तू मात्र चुकवू नयेत. परळच्या शिवशिल्पाची प्रतिकृती त्यांपैकी एक. मूळ शिल्प १९३१ मध्ये रस्त्याचे काम चालू असताना सापडले आणि ते आजही परळच्या बारादेवी मंदिराच्या आवारात आहे. एकाच शिळेतून शिवाच्या सात आकृती एकमेकींतून उमलाव्यात तशा बाहेर आल्या आहेत. पंधराशे वर्षांपूर्वीच्या आसपासचे हे काम गिरण्यांच्या परळात मिळावे, याचे मला दर वेळी नव्याने नवल वाटते. सिंधमधल्या मीरपूरखासच्या स्तूपातून आलेल्या भाजलेल्या मातीच्या बुद्धमूर्तीही अशाच शांतपणे पाहण्यासारख्या आहेत. लघुचित्रांकडे जाताना गाइडला एकच चित्र निवडायला सांगावे आणि त्यापुढे दहा मिनिटे द्यावीत. प्रथम आपण पाहावे, काय दिसले ते बोलावे आणि मग गाइडने सांगावे. हा क्रम आधी ठरवून घेतला की माहितीचा भडिमार टळतो.

याच आवारातल्या जहांगीर निकल्सन संग्रहात आधुनिक भारतीय चित्रे आहेत. १९४७ मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपमध्ये सूझा, रझा, हुसेन आणि आरा यांच्यासोबत हरी अंबादास गाडे हे चित्रकार आणि सदानंद बाकरे हे शिल्पकार होते. आपल्याकडे हुसेन सर्वांना माहीत असतात, गाडे आणि बाकरे फार थोड्यांना. त्यांच्याविषयी गाइडला आवर्जून विचारावे, आणि त्या दिवशी त्यांचे काम कुठे लावलेले आहे का, हेही पाहायला सांगावे. हाच धागा रस्त्यापलीकडच्या राष्ट्रीय आधुनिक कला दालनात पुढे नेता येतो. १९११ साली बांधलेल्या सर कावसजी जहांगीर सभागृहात हे दालन १९९६ पासून आहे.

जहांगीर आर्ट गॅलरी १९५२ पासून सुरू आहे, प्रवेश विनामूल्य आहे आणि ती अकराला उघडते. तिथे चित्रकार बहुधा स्वतः बसलेला असतो, आणि खासगी सहलीतला सर्वांत मोलाचा अर्धा तास हाच ठरू शकतो. त्याच्याशी बोलायला कचरू नये. ‘याचा अर्थ काय’ असे विचारले की चित्रकार अवघडतो. ‘हे कशावर आणि कशाने रंगवले, किती दिवस लागले, आधी काय होते आणि नंतर काय पुसले’ असे विचारले की तो खुलतो. मामींनी एका तरुण चित्रकाराला जलरंगात कागदाचा पांढरा कसा राखला एवढेच विचारले, तर त्याने पिशवीतून जुना कागद काढून ब्रशने पाणी फिरवून दाखवले. किंमत विचारायला हरकत नाही, पण घासाघीस करू नये. बाहेर पदपथावर बसणाऱ्या चित्रकारांचे कामही थांबून पाहावे.

दुपारचे जेवण फोर्टातच, साधे आणि बसून करावे, आणि त्यानंतर निदान अर्धा तास काही पाहू नये.

तीनच्या सुमारास टॅक्सीने भायखळ्याला निघावे. वाटेत छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसवरची शिल्पे समोरच्या पदपथावरून दाखवून घ्यावीत. त्यांतले बरेचसे काम १८५७ मध्ये सुरू झालेल्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टच्या विद्यार्थ्यांनी केलेले आहे. क्रॉफर्ड मार्केट, म्हणजे महात्मा जोतिबा फुले मंडईच्या दारावरची उठावशिल्पे त्याच शाळेतले शिक्षक लॉकवुड किपलिंग यांची. जे. जे.च्या आवारात मात्र परवानगीशिवाय शिरू नये. तिथे वर्ग चालू असतात.

डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालय १८७२ मध्ये उघडले. आकाराने ते लहान आहे, म्हणूनच थकलेल्या दुपारी ते सोसते. मुंबईतल्या निरनिराळ्या पेशांच्या आणि पेहरावांच्या माणसांच्या मातीच्या छोट्या मूर्ती येथे आहेत. पगड्यांचे प्रकार पाहण्यातच मामांचा अर्धा तास गेला आणि कुणीही त्यांना घाई केली नाही. बाहेरच्या बागेत घारापुरीचा दगडी हत्ती उभा आहे. तो इंग्लंडला नेण्याच्या प्रयत्नात फुटला आणि नंतर जोडून येथे ठेवला. शेजारी राणीच्या बागेच्या बाजूला सातव्या एडवर्डचा तो अश्वारूढ पुतळाही आहे, ज्यावरून काळ्या घोड्याला नाव पडले. १९६५ मध्ये तो काळ्या घोड्याच्या चौकातून हलवला गेला. आज काळ्या घोड्याच्या परिसरात उभा असलेला स्वाराविना घोडा २०१७ मधला आहे. सकाळी तो नवा घोडा आणि दुपारी मूळ पुतळा पाहायला मिळतो, म्हणून दिवसाचा हा क्रम मला आवडतो.

गाइडचा निरोप येथेच घ्यावा. ठरलेली रक्कम आणि वर स्वखुशीने द्यायचे ते पाकिटात आधीच वेगळे ठेवावे, म्हणजे फाटकात मोजामोज होत नाही. काम मनापासून आवडले असेल तर नेमके काय आवडले ते तोंडावर सांगावे.

भायखळ्याहून दादर धिम्या लोकलने चौथे स्थानक. शिवाजी मंदिर नाट्यगृहात शनिवारी रात्रीचा प्रयोग बहुधा असतो. तिकिटे दोन-तीन दिवस आधी काढावीत आणि वडीलधाऱ्यांसाठी कडेची खुर्ची मागावी. मधल्या दोन तासांत दादरलाच थालीपीठ, पियूष घेऊन पाय मोकळे करावेत, आणि तिसरी घंटा होण्याआधी फोन बंद करून जागेवर बसावे.