फोमची गादी उघडताना, गोव्याच्या पावसाळ्यात

ही गादी हवा काढून, गुंडाळून खोक्यात येते. तो खोका दारातच फोडू नका. ज्या खोलीत गादी घालायची तिथे खाटेशेजारी आणूनच उघडा, कारण एकदा फुगलेली गादी जिन्याच्या वळणावरून न्यायची म्हणजे दोघांचा घाम निघतो. खाट मात्र मागवण्याआधीच मोजा. फोंड्याकडच्या आमच्या जुन्या खाटा कंपनीच्या मापात बसतीलच असं नाही.

बाहेरचं प्लास्टिक कात्रीने कडेकडेने कापा. कोयती तर नकोच. टोक आत गेलं की कापडासकट फोम चिरतो. आतलं घट्ट आवरण कापण्याआधी गादी खाटेवर उलगडून वरची बाजू वर आहे ना, ते बघा. मग छोटी चीर द्या. फुस्स करून हवा आत शिरते, मधला भाग बघता बघता उठतो. कोपरे तेवढे आळशी, त्यांना एक-दोन दिवस द्या.

वास येतोच. पंखा फुल्ल लावा, पाऊस थांबला की खिडक्या उघडा. आई म्हणेल, "उन्हात टाक." कापसाच्या गादीला ते ठीक, फोम कडक उन्हात पिवळा पडतो.

खरी काळजी ओलीची. खाली सलग प्लायवूड असेल तर पावसाळ्यात खालून बुरशी धरते. फळ्यांमध्ये दोन-तीन बोटं फट ठेवा, अधूनमधून गादी भिंतीला उभी करून खालची बाजू वाळू द्या. आणि शिवणीतलं लेबल कापू नका, वॉरंटीला तेच मागतात.