अमेरिकेतल्या काळ्या कवींची कविता वाचायची कशी

कुठून सुरुवात करू, असं कोणी विचारलं की मी आठ ओळींची एक कविता पुढे करते. ग्वेन्डोलिन ब्रुक्स यांची ‘वी रिअल कूल’, १९५९ साली ‘पोएट्री’ मासिकात आलेली. शब्द मोजून चोवीस, आणि एकूण एक शब्द एका दमात उच्चारला जाणारा. शिकागोच्या याच बाईंना १९५० साली पुलित्झर मिळालं. हा पुरस्कार मिळालेल्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय लेखिका.

ही कविता मनात वाचू नका. मोठ्याने वाचा, आणि अर्थ लागला नाही तरी चालेल. शाळा सोडून पूल (टेबलावर काठीने चेंडू ढकलायचा खेळ) खेळत बसलेली सात पोरं बोलतायत, एवढं माहीत असलं की पुरे. आता ओळींच्या टोकांकडे बघा. ‘वी’ हा शब्द पुढच्या ओळीचा असून मागच्या ओळीच्या शेवटी लटकवून ठेवलाय. तिथे थांबावं लागतं. ब्रुक्स स्वतः हा ‘वी’ अगदी हळू, जवळजवळ गिळून म्हणत. त्यांच्या आवाजातलं ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे, ते जरूर ऐका; पण आधी स्वतः वाचा, मग ऐका. बढाया मारणाऱ्या पोरांची स्वतःबद्दलची खात्री किती पातळ आहे, ते त्या थांब्यातच कळतं. शेवटच्या ओळीच्या टोकाला ‘वी’ नाही. का नाही, ते ती ओळ वाचली की समजेल.

याच कवितेत इंग्रजी शिकवणाऱ्या मंडळींना एक खटका बसतो. ‘वी’ आणि ‘रिअल’च्या मध्ये क्रियापद कुठाय? ते राहून गेलेलं नाही. काळ्या अमेरिकनांच्या बोलीत ते गाळण्याचे पक्के नियम आहेत. पेन्सिल घेऊन व्याकरण सुधारायची सवय असेल तर ती पेन्सिल दूर ठेवा.

दुसरं काम: प्रत्येक कवितेच्या वर साल लिहा. क्लॉड मॅके यांची ‘इफ वी मस्ट डाय’ नुसती वाचली तर कुठल्याही रणांगणावरची वाटेल. तिच्यात ‘काळा’ हा शब्द एकदाही येत नाही. वर १९१९ लिहिलं की चित्र पालटतं. त्या उन्हाळ्यात अमेरिकेतल्या कितीतरी शहरांत गोऱ्यांच्या झुंडी काळ्या वस्त्यांवर चालून गेल्या. जमैकाहून आलेले मॅके तेव्हा रेल्वेच्या भोजनडब्यात वेटर होते. आणि एवढा संताप त्यांनी बसवलाय कशात, तर चौदा ओळींच्या काटेकोर सुनीतात, इंग्रजांच्या सगळ्यात खानदानी वृत्तात. मला हा निव्वळ योगायोग वाटत नाही.

फिलिस व्हीटलीला वाचताना तर कवितांच्या आधीची पानंसुद्धा सोडू नका. १७६१ साली पश्चिम आफ्रिकेतून बोस्टनला आणून विकलेली ही लहान मुलगी. तिचं पुस्तक १७७३ साली लंडनमध्ये छापलं गेलं, आणि त्यात बोस्टनच्या अठरा प्रतिष्ठित पुरुषांच्या सह्यांचं एक पत्र आहे: या कविता खरोखर हिनेच लिहिल्या आहेत, असं आम्हाला वाटतं. गव्हर्नरची सहीसुद्धा आहे. स्वतःच्या कविता स्वतःच्या आहेत हे सांगायला अठरा साक्षीदार! ते पान वाचून मग आफ्रिकेतून अमेरिकेत आणलं जाण्याबद्दलची तिची आठ ओळींची कविता वाचा. आमच्या वाचनगटात ती वाचून बहुतेक जण नाराज होतात, ‘फारच आज्ञाधारक आहे’ म्हणतात. मी त्यांना सातव्या ओळीवर बोट ठेवायला सांगते. तिथे ती ख्रिस्ती लोकांना ‘लक्षात ठेवा’ म्हणते. विकत आणलेली मुलगी मालकांच्या समाजाला आज्ञार्थात बजावते आहे.

लँग्स्टन ह्यूजेसच्या नद्यांच्या कवितेत, ‘द नीग्रो स्पीक्स ऑफ रिव्हर्स’मध्ये, क्रियापदांना गोल करा. युफ्रेटिसमध्ये अंघोळ केली, काँगोच्या काठी झोपडी बांधली, नाईलकडे पाहत पिरॅमिड उभे केले, मिसिसिपीचं गाणं ऐकलं. हे सगळं करणारा ‘मी’ एकच, आणि तो हजारो वर्षांचा आहे. लिहिणारा पोरगा मात्र विशीच्या आतला. मेक्सिकोतल्या वडिलांकडे निघालेला असताना, आगगाडी मिसिसिपी ओलांडत होती तेव्हा त्याला ही सुचली. १९२१ साली ती ‘द क्रायसिस’ या मासिकात छापून आली. वडिलांना आपल्याच लोकांचा तिटकारा होता, असं ह्यूजेसने पुढे लिहून ठेवलंय. वारसा म्हणजे काय, यावर मी लांबलचक भाषणं ऐकली आहेत. या गोल केलेल्या क्रियापदांपुढे ती मला फिकी वाटतात.

ह्यूजेसच्याच ब्लूज-कवितांसाठी (ब्लूज म्हणजे काळ्या अमेरिकनांची दुःखाची गाणी) पायाने ठेका धरा. साचा सोपा आहे: एक ओळ, तीच ओळ पुन्हा, मग तिसरी ओळ उत्तरासारखी. दुसऱ्यांदा येणारी ओळ थोडी बदललेली असते, एखादा शब्द आत येतो, एखादा सुटतो. तो बदल पकडायचा. गाणारा त्याच दुःखाकडे पुन्हा वळतो, पण तसाच वळत नाही.

‘झुंजार’, ‘चिवट’ ही विशेषणं मात्र जपून वापरा. ती चिकटवली की वाचन तिथेच संपतं. ल्युसिल क्लिफ्टन यांची ‘वोन्ट यू सेलिब्रेट विथ मी’ बघा, चौदाच ओळी, सगळी इंग्रजी अक्षरं लहान लिपीत, ‘मी’साठीचा ‘आय’सुद्धा. माझ्यापुढे कुठला नमुना नव्हता, म्हणते; मीच माझं आयुष्य घडवत गेले, माझा एक हात माझ्याच दुसऱ्या हाताला घट्ट धरून. शेवटी ती सोबत आनंद करायला बोलावते, कारण रोज काहीतरी तिला मारायला बघतं आणि त्याला जमत नाही. नीट बघा, ‘मी जिंकले’ असं ती कुठेही म्हणत नाही. फसलं ते दुसऱ्याचं. आणि उद्या पुन्हा ‘रोज’ आहेच.

मराठी वाचकाला वाचता वाचता दलित कविता आठवणारच. १९७२ साली दलित पँथरने नावच अमेरिकेतल्या काळ्यांच्या ब्लॅक पँथर या संघटनेवरून घेतलं, तेव्हा हे नातं काही आपण ओढून आणलेलं नाही. फक्त पहिल्या वाचनात तुलना नको. समोरच्या कवितेला आधी तिचं म्हणणं मांडू द्या.

हातात वही असेल तर एक गंमत करा. ब्रुक्स यांच्या त्या आठ ओळींतला एकेक शब्द आपल्या एकेका ओळीच्या शेवटी ठेवून टेरन्स हेज यांनी नवी कविता लिहिली, २०१०च्या ‘लाइटहेड’ या संग्रहात. उजव्या कडेने वरून खाली वाचत गेलात तर जुनी कविता जशीच्या तशी सापडते. या प्रकाराला आता ‘गोल्डन शॉव्हल’ म्हणतात, कारण ब्रुक्स यांच्या कवितेतल्या पोरांच्या अड्ड्याचं नाव तेच होतं. तुम्हाला आवडलेली कुठलीही एक ओळ घ्या आणि तसं लिहून बघा, मराठीत लिहा. कविता चांगली नाही झाली तरी मूळ ओळीतला प्रत्येक शब्द तुम्हाला नव्याने तोलावा लागेल, आणि तेच हवंय.

एम. नूर्बेस फिलिप यांचं ‘झॉन्ग!’ (२००८) मात्र शेवटी घ्या. त्या मूळच्या टोबेगोच्या, राहतात कॅनडात. ‘झॉन्ग’ हे गुलामांची ने-आण करणारं जहाज. १७८१ साली त्यावरच्या १३०हून जास्त आफ्रिकनांना समुद्रात फेकलं गेलं आणि नंतर मालकांनी विम्याचे पैसे मागितले. कोर्टात गेला तो विम्याचा वाद, खुनाचा नाही. त्या निकालाचा जो वृत्तांत उरलाय, त्यातलेच शब्द मोडून, उसवून फिलिप यांनी हे पुस्तक केलं. पानांवर शब्द लांब लांब विखुरलेले आहेत, मध्ये नुसता कागद. डावीकडून उजवीकडे वाचायचा हट्ट धरला तर दहा मिनिटांत पुस्तक मिटाल. दोघातिघांनी मिळून वाचा, एकेकाने पानाचा एकेक भाग घ्या, मोकळ्या जागेत सगळ्यांनी गप्प राहा, आणि एका बैठकीत चारपाच पानांच्या पुढे जाऊ नका.