आपल्याच घरच्यांवर माहितीपट कसा करावा

घरातल्या नात्यांवर फिल्म करायची म्हटलं की बहुतेक जण आधी कॅमेरे बघायला लागतात. कॅमेरा राहू द्या. वहीत एक प्रश्न लिहा, जो तुम्हाला खरोखर छळतो आणि घरात आजवर कुणी मोठ्याने विचारलेला नाही. ‘माझे आजोबा’ हा नुसता विषय झाला. ‘आजोबा आणि बाबांनी एकमेकांशी बोलणं का सोडलं?’ या प्रश्नाभोवती फिल्म उभी राहू शकते.

मग घरच्यांना स्पष्ट सांगा: काय करताय, कशासाठी, आणि हे कोण बघणार. संमती लेखी घ्या आणि दोनदा घ्या, एकदा चित्रीकरणाआधी, एकदा कच्चं संकलन, म्हणजे फिल्मची पहिली ढोबळ जोडणी, दाखवल्यावर. भरात बोललेलं माणसाला नंतर नको वाटू शकतं. कुणी ‘हे काढ’ म्हणालं तर मी काढते, कितीही जीव अडकलेला असला तरी. लहान मुलांबाबत तर जास्तच जपायला हवं. मोठेपणी ती हे बघणार आहेत.

जुने फोटो, पत्रं, कॅसेट गोळा करा. व्हिडिओ कॅसेट असतील तर त्या आधी डिजिटल करून घ्या. फीत खराब होत जाते, आणि व्हीएचएस प्लेअरचं उत्पादन २०१६ सालीच थांबलंय.

चित्रीकरणाला फोन पुरतो. आवाजात मात्र तडजोड नको. कॉलर माइक छातीवर, हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा. पंखा, फ्रिज बंद करा, हेडफोन लावून ऐका. उठण्याआधी खोलीतली शांतता ३० सेकंद रेकॉर्ड करा. संकलनात वाक्यांमधले सांधे तिनेच झाकले जातात.

आता मुलाखत. सगळ्यात जास्त वेळ इथे द्या. एकच घटना प्रत्येकाला वेगवेगळं बसवून विचारा. कॅनडाच्या दिग्दर्शिका सारा पॉली यांनी ‘स्टोरीज वी टेल’ (२०१२) या माहितीपटात आपल्या दिवंगत आईबद्दल भावंडांना, वडिलांना, ओळखीच्यांना असंच बोलतं केलं. आठवणी जुळत नाहीत, आणि त्या न जुळण्यातच ते कुटुंब दिसतं. खरं कोण बोलतंय याचा निवाडा करायला जाऊ नका. हातात अल्बम द्या. ‘भांडण कशावरून झालं?’ यापेक्षा ‘हा फोटो कुणी काढला?’ या प्रश्नाने माणूस लवकर मोकळा होतो. उत्तर संपलं की मनात पाच अंक मोजा. वडिलांच्या मुलाखतीत मी हे केलं नव्हतं. नंतर ऐकताना कळलं, तीनदा ते आणखी काही सांगणार होते आणि मी पुढचा प्रश्न विचारून टाकला होता.

तुम्ही स्वतःही फिल्ममध्ये या, निदान आवाजाने. इतरांना उघडं पाडून आपण कॅमेऱ्यामागे लपणं मला अन्यायाचं वाटतं.

रोजच्या फुटेजच्या तीन प्रती ठेवा, दोन वेगळ्या साधनांवर, त्यातली एक घराबाहेर. मुलाखती शब्दशः उतरवून काढा आणि संकलन आधी कागदावर करा.

कच्चं संकलन सगळ्यांना एकत्र दाखवू नका. एकेकाला दाखवा, शेजारी बसा. संपल्यावर लगेच ‘कसं वाटलं?’ विचारू नका. मोजा पाच. आणि त्यांची हरकत नसेल तर रेकॉर्डर सुरू ठेवा.